तुर्की येत नसताना तुर्की नटावर लघुप्रबंध

लंडनमधील एका विद्यापीठात नाट्यशास्त्राचा पदव्युत्तर अभ्यासक्रम करत असताना जानेवारी २०१९ मध्ये मी लघुप्रबंधासाठी हालुक बिल्गिनेर या तुर्की नटाची आंतरराष्ट्रीय कारकीर्द हा विषय नोंदवला. त्या वेळी मला तुर्कीतील एक वाक्यही येत नव्हते, इस्तंबूलमध्ये ओळखीचे कोणी नव्हते आणि शिष्यवृत्तीतून महिनाअखेरीस फारसे काही शिल्लक राहत नव्हते. हे काम नोव्हेंबर २०१९च्या अखेरीस पुरते हातावेगळे झाले. परभाषेतील रंगभूमीवर अभ्यास करू इच्छिणाऱ्या आपल्याकडच्या विद्यार्थ्यांना कुठे थांबावे लागते, पैसे कशावर जातात आणि कोणत्या कागदासाठी किती आधी धावपळ करावी लागते हे आधीच कळले, तर त्यांची धास्ती थोडी कमी होईल, म्हणून सर्व क्रमाने लिहीत आहे.

विषय सुचला तो एका भयपटामुळे. ऑक्टोबर २०१८ मध्ये नुकताच लागलेला ‘हॅलोविन’ मी वर्गातील मुलींबरोबर पाहिला. त्यातील खुन्यावर उपचार करणाऱ्या डॉक्टरचे नाव रणबीर सारटेन असे आहे. परदेशी भयपटात रणबीर हे नाव ऐकून मी सावरून बसले आणि त्या डॉक्टरचा चेहरा नीट पाहिल्यावर तर अधिकच चकित झाले, कारण हा नट मी पुण्यात असताना ‘विंटर स्लीप’मध्ये पाहिला होता. नूरी बिल्गे जेलान यांचा तो १९६ मिनिटांचा चित्रपट २०१४ साली कान महोत्सवात पाम दोर हा सर्वोच्च पुरस्कार मिळवून गेला आणि त्याचा जवळजवळ सगळा भार या एका नटाने पेलला आहे. तिथे तो आयदन आहे, म्हणजे कापादोकियाच्या डोंगरात ‘ऑथेल्लो’ नावाचे हॉटेल चालवणारा आणि तुर्की रंगभूमीचा इतिहास लिहायचा असे ठरवून बसलेला एक निवृत्त नट. अशा नटाला परक्या पडद्यावर रणबीर का व्हावे लागते, हा प्रश्न त्या रात्री डोक्यात बसला तो निघाला नाही.

१४ जानेवारीला मी पाचशे शब्दांचा आराखडा दिला आणि २८ जानेवारीला तो परत आला. मार्गदर्शक बाईंनी समासात एकच प्रश्न लिहिला होता, की तुम्ही ‘आंतरराष्ट्रीय’ हा शब्द कोणत्या अर्थाने वापरता. दुरुस्त आराखड्यासाठी ११ फेब्रुवारीपर्यंत मुदत होती. मी एक मोठे कार्डशीट आणून खोलीच्या भिंतीवर लावले आणि त्यावर बिल्गिनेर यांची कारकीर्द वर्षवार मांडली. इंग्रजीतील कामे निळ्या शाईने लिहिली आणि तुर्कीतील लाल. ज्यांना असा विषय घ्यायचा असेल त्यांनी वाचनाला सुरुवात करण्यापूर्वी हा तक्ता जरूर करावा, कारण पुढे नऊ महिने मी वाट चुकले तेव्हा तेव्हा त्या कागदापाशीच परत आले.

तक्त्याची सुरुवात सरळ होती. जन्म १९५४ सालचा, इझमिरचा. अंकाराच्या राज्य कॉन्झर्वेटरीतून १९७७ मध्ये पदवी. कार्ल एबर्ट या जर्मन दिग्दर्शकाने जिच्या नाट्यविभागाची घडी बसवून दिली ती हीच संस्था. त्यानंतर लंडनच्या लॅम्डा या नाट्यविद्यालयात शिक्षण आणि १९८५ पासून बीबीसीच्या ‘ईस्टएंडर्स’ या मालिकेत मेहमेत ओस्मान ही भूमिका. ती १९८९ पर्यंत चालली. पुढच्याच वर्षी इस्तंबूलमध्ये अहमेत लेवेन्दोलू आणि झुहाल ओल्जाय यांच्यासह ‘तियात्रो स्त्युद्योसू’ ही संस्था निघाली आणि १९९९ मध्ये ‘ओयुन आतोल्येसी’. त्याच्या पुढे निळी आणि लाल शाई एकमेकींत मिसळत गेली. निळ्या शाईतील भूमिका मी एकाखाली एक लिहिल्या, तेव्हा ‘बफेलो सोल्जर्स’मधील ज्याला नुसते ‘तुर्क’ म्हणतात तो माणूस, ‘डब्ल्यू. ई.’मधील इजिप्शियन धनिक मोहम्मद अल फायेद, मीरा नायर यांच्या ‘द रिलक्टंट फंडामेंटलिस्ट’मधील इस्तंबूलचा प्रकाशक, ‘रोझवॉटर’मधील इराणी वडील, ‘बेन-हर’मधील सिमोनिडीस आणि शेवटी डॉक्टर रणबीर अशी रांग तयार झाली. सगळी माणसे पूर्वेकडची होती आणि देश बहुतेक वेळी निराळा होता. लाल शाईत मात्र नट, वेडा प्रियकर, रोमन सेनापती, विसरत चाललेला म्हातारा अशा भूमिका होत्या आणि त्यांतील कोणालाही आपला देश सिद्ध करून दाखवावा लागत नव्हता. मार्गदर्शक बाईंच्या प्रश्नाचे उत्तर मला या दोन रंगांत दिसू लागले. ६ फेब्रुवारीला मी नवा आराखडा दिला आणि तो मान्य झाला.

यानंतर दीड महिना कागदपत्रांत गेला. ब्रिटिश लायब्ररीचे वाचकपत्र फुकट मिळते, पण त्यासाठी तेव्हा सहीचा आणि पत्त्याचा असे दोन वेगवेगळे मूळ पुरावे लागत. मी पहिल्या दिवशी फक्त पासपोर्ट घेऊन गेले होते, त्यामुळे परत यावे लागले. घरभाड्याचा करार मैत्रिणीच्या नावावर असल्याने मी बँकेकडून पत्त्याचे पत्र मागवले आणि ते टपालाने यायला नऊ दिवस लागले. लंडनला पोहोचल्याबरोबर बँकेचे असे एक पत्र मागवून ठेवावे, ते पुढे दहा ठिकाणी उपयोगी पडते. साउथ बँकवरील ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटच्या रूबेन ग्रंथालयात मात्र कोणतेही पत्र न मागता बसता येते आणि तिथल्या संगणकावर जुन्या वृत्तपत्रांतील चित्रपट-दूरचित्रवाणीविषयक कात्रणे पाहता येतात. फेब्रुवारी आणि मार्चमधील बहुतेक शनिवार मी तिथे काढले.

सर्वांत जास्त वेळ गेला तो नीतिविषयक परवानगीत. जिवंत माणसांच्या मुलाखती घ्यायच्या असतील तर इकडच्या विद्यापीठांत एक अर्ज भरावा लागतो. माझ्या विद्यापीठाचा अर्ज चौदा पानांचा होता. लंडनमधील तीन तुर्की भाषक प्रेक्षकांशी मला बोलायचे होते. १८ फेब्रुवारीला दिलेला अर्ज ४ मार्चला परत आला, कारण मुलाखत देणाऱ्यांसाठीचे माहितीपत्रक मी फक्त इंग्रजीत जोडले होते. त्याचा तुर्की अनुवाद करून घेतला, अर्ज पुन्हा दिला आणि २९ मार्चला परवानगी आली. म्हणजे जवळजवळ सहा आठवडे गेले. मुलाखतींचा विचार असेल, तर विषय मान्य होण्याची वाट न पाहता हा अर्ज आधीच भरून ठेवावा.

दरम्यान मी तुर्कीच्या संध्याकाळच्या वर्गाला नाव घातले होते. दहा आठवड्यांची फी १८० पौंड झाली. ते पैसे भरताना फार जड गेले होते, कारण तेवढ्यात दोन महिन्यांचा किराणा भागला असता. पण तिसऱ्या-चौथ्या वर्गातच एक गोष्ट लक्षात आली आणि त्या दिवशी घरी येईपर्यंत मी बसमध्ये मनातल्या मनात वाक्ये जुळवत होते. तुर्की वाक्यात क्रियापद शेवटी येते, अगदी आपल्यासारखे. वर्गातील इंग्रज मुले वाक्याच्या शेवटापर्यंत थांबता थांबता थकत होती आणि मला मात्र त्यात काहीच वेगळे वाटत नव्हते. आपण चहा-बिहा म्हणतो तसे ते ‘चाय माय’ म्हणतात. अनोळखी माणसालाही ‘आबी’ म्हणजे दादा आणि ‘आब्ला’ म्हणजे ताई म्हणून हाक मारतात. स्वतः न पाहिलेली, ऐकीव गोष्ट सांगताना क्रियापदाला ‘मिश’ असा प्रत्यय लावतात आणि ‘गेलमिश’ याचे नेमके मराठी ‘आला म्हणे’ असेच होते, इंग्रजीत मात्र त्यासाठी अर्धे वाक्य खर्ची पडते. ‘तारीह’ म्हणजे दिनांक आणि इतिहासही. ‘पेर्दे’ म्हणजे पडदा आणि नाटकाचा अंकसुद्धा. आणि ‘ओयुन’ या शब्दाचा अर्थ खेळही आहे आणि नाटकही. आपल्याकडे जुन्या जाहिरातींत ‘आज रात्री खेळ’ असे छापत असत, ते मला त्या संध्याकाळी आठवले.

‘ईस्टएंडर्स’ कुठे पाहायची ही चिंता नशिबाने सुटली, कारण ऑगस्ट २०१८ पासून ‘ड्रामा’ या वाहिनीने मालिका अगदी पहिल्या भागापासून पुन्हा दाखवायला सुरुवात केली होती. मी रोज रात्री जेवताना दोन भाग पाहत असे आणि वहीत मेहमेतचे प्रवेश वेळेसह टिपून ठेवत असे. ओस्मान हे सायप्रसमधून आलेले तुर्की कुटुंब आणि त्यांचा चौकातला कॅफे. मेहमेत हा जुगारी, बाईवेडा आणि गोडबोल्या. कागदावर ही भूमिका एका ठरावीक साच्याची आहे, पण बिल्गिनेर ती करताना समोरच्याचे बोलणे संपायच्या किंचित आधी हसू लागतात आणि त्या अर्ध्या क्षणात मेहमेत खोटे बोलणार हे आपल्याला कळते. हे मी इतक्या वेळा पाहिले, की पुढे तो क्षण यायच्या आधीच माझा पेन थांबत असे. या मालिकेची लोकप्रियता किती होती, याची कल्पना १९८६च्या नाताळच्या भागावरून येते, तो तीन कोटींहून अधिक लोकांनी पाहिला होता. अशा घरोघरी पोहोचलेल्या कामातून बाहेर पडून पुढच्याच वर्षी इस्तंबूलमध्ये नवी नाट्यसंस्था काढण्याचा निर्णय माझ्या निबंधाच्या मध्यभागी आला, तो यामुळे. एप्रिल-मेमध्ये ज्या तिघांशी मी बोलले, त्यांच्यापैकी साठीच्या एका गृहस्थांनी सांगितले, की पडद्यावर आपल्यातला माणूस दिसतो म्हणून त्यांच्या घरी सगळे जमत आणि तो असा वागतो म्हणून त्यांच्या आई त्याच्यावर चिडत. दोन्ही गोष्टी त्यांनी एकाच दमात सांगितल्या आणि मी त्या तशाच उतरवून घेतल्या.

२१ मार्चला ग्लोबच्या अभिलेखागारात वेळ मिळाली. तिथे आधी ई-मेलने कळवून, काय पाहायचे आहे ते नेमके लिहून दिवस ठरवावा लागतो. २०१२ मध्ये शेक्सपिअरच्या ग्लोब नाट्यगृहात सदतीस नाटके सदतीस भाषांत झाली होती आणि त्यातील तुर्की ‘अँटनी आणि क्लिओपात्रा’ ‘ओयुन आतोल्येसी’ने केमाल आयदोआन यांच्या दिग्दर्शनाखाली सादर केले होते. अँटनी बिल्गिनेर होते आणि क्लिओपात्रा झेर्रिन तेकिन्दोर. त्याच महोत्सवात अतुल कुमार यांचे ‘पिया बहरूपिया’ हिंदीत झाले होते, ज्यात गीतांजली कुलकर्णी आणि सागर देशमुख होते, आणि सुनील शानबाग यांनी ‘ऑल्स वेल’ गुजरातीत केले होते. त्या महोत्सवात संवादांचा शब्दशः अनुवाद पडद्यावर दाखवत नसत, प्रवेशात काय घडते याचा थोडक्यात इंग्रजी सारांश तेवढा दिसत असे. म्हणजे परक्या प्रेक्षकाला भाषेवाचून नटावरच भिस्त ठेवावी लागे.

मी कानाला हेडफोन लावून त्या तुर्की प्रयोगाचे पूर्ण चित्रमुद्रण दोनदा पाहिले. तोपर्यंत मला तुर्कीचे दीडशे-दोनशे शब्द येत होते. साधारण पंचवीस वर्षांपूर्वी ज्या शहरात बिल्गिनेर मेहमेत म्हणून इंग्रजी बोलत होते, त्याच शहरात थेम्सच्या काठी ते आता आपल्या भाषेत, आपल्या संस्थेच्या नावाने रोमचा सेनापती म्हणून उभे होते. माझ्या भिंतीवरच्या तक्त्यात हे काम लंडनमध्ये झालेले असूनही लाल शाईत होते, तसे ते एकच होते. ‘आंतरराष्ट्रीय’ म्हणजे परदेशी जाऊन परक्यांची भाषा बोलणे, हा माझाही सुरुवातीचा समज होता. तो त्या खोलीत मोडला आणि निबंधाचे पाचवे प्रकरण मला तिथेच सापडले.

इस्तंबूलला जायचे मी पहिल्यापासून ठरवले होते, पण व्हिसाचे काय याची धाकधूक होती. भारतीय पासपोर्ट असलेल्यांना, जवळ ब्रिटन, अमेरिका, आयर्लंड किंवा युरोपातील सामायिक व्हिसाच्या शेंगेन देशांचा वैध व्हिसा अथवा निवासपरवाना असेल, तर तुर्कस्तानचा एक महिन्याचा, एका प्रवेशाचा ई-व्हिसा ऑनलाइन मिळतो. माझे ब्रिटनचे निवासकार्ड चालले. अर्ज भरून, कार्डाने शुल्क भरून पंधरा-वीस मिनिटांत व्हिसाची फाईल हाती आली. मात्र ते आधारपत्र तुर्कस्तानात प्रवेश करण्याच्या दिवशी वैध असले पाहिजे एवढे लक्षात ठेवावे, आणि दुसऱ्या देशाचा ई-व्हिसा तेव्हा आधार म्हणून चालत नसे. भारतातून थेट जाणाऱ्या आणि असे कोणतेही कागद जवळ नसलेल्यांना अर्जकेंद्रातून स्टिकर-व्हिसा काढावा लागतो, त्यासाठी हाताशी काही आठवडे ठेवावेत. ई-व्हिसाची छापील प्रत आणि निवासकार्ड दोन्ही मी हातातल्या पिशवीत ठेवले होते. माझ्याकडे विमानात बसण्यापूर्वी आणि उतरल्यावर अशी दोनदा त्यांची मागणी झाली.

१० एप्रिलला मी निघाले. चारच दिवसांपूर्वी इस्तंबूलचा मोठा विमानतळ जुन्या जागेवरून नव्या जागी हलला होता, म्हणून मी मुद्दाम आशियाई बाजूच्या साबिहा ग्योक्चेन विमानतळाचे तिकीट काढले होते. येण्याजाण्याचे १४८ पौंड पडले. तिथून कादक्योयला थेट बस आहे आणि ‘ओयुन आतोल्येसी’ कादक्योयमधील मोदा या वस्तीत आहे, त्यामुळे राहण्याची खोलीही मी तिथेच घेतली. आठ रात्रींचे १९० पौंड झाले. उतरल्याबरोबर इस्तंबूलकार्ट घ्यावे, बस, ट्राम आणि बोट सगळीकडे तेच चालते.

सकाळी मी बोटीने युरोपच्या बाजूला जात असे आणि तक्सीमजवळील महापालिकेच्या अतातुर्क ग्रंथालयात बसत असे. हे ग्रंथालय चोवीस तास उघडे असते. पासपोर्ट दाखवून नाव नोंदवले, की जुनी वृत्तपत्रे पाहता येतात. पहिला दिवस मात्र जवळजवळ वाया गेला, कारण तुर्की लिपीत आय हे अक्षर दोन प्रकारचे आहे, एक बिंदूचे आणि एक बिनबिंदूचे. माझ्या संगणकावर बिनबिंदूचे अक्षर उमटत नसल्याने मी चुकीचे शब्द शोधत होते आणि काही सापडत नव्हते. शेजारी बसलेल्या एका विद्यार्थिनीने माझ्या पडद्याकडे पाहून मला ‘आब्ला’ म्हणून हाक मारली आणि तुर्की कळफलक कसा बसवायचा ते दाखवले. तुर्कस्तानचा विषय घेणाऱ्यांनी हे काम घरून निघण्यापूर्वी करावे. शेपटीचे एस, शेपटीचे सी आणि बिनबिंदूचे आय नीट लिहिता आले नाहीत, तर सूचीतील निम्मे साहित्य डोळ्यांआड राहते. उरलेल्या दिवसांत १९८९ ते १९९१ या काळातील अंक चाळून मी अडतीस पाने भरून टिपणे काढली.

१३ तारखेला, शनिवारी, मी ‘ओयुन आतोल्येसी’त नाटक पाहिले. त्या दिवशीच्या नाटकात बिल्गिनेर यांचे काम नव्हते आणि त्याचे मला वाईट वाटले हे खरे, पण त्यांनी उभी केलेली संस्था त्यांच्याशिवाय कशी चालते हेही मला पाहायचेच होते. दुपारी खिडकीपाशी जाऊन मी पाठ केलेले वाक्य म्हटले. विद्यार्थ्यांच्या सवलतीत तिकीट मिळाले. रात्री दारात चहाचे छोटे पेले घेऊन उभी असलेली माणसे, घंटा झाल्यावर झालेली शांतता, मागच्या रांगेतल्या आजोबांचा खोकला आणि पहिल्या वाक्यासाठी पुढे झुकलेले प्रेक्षक हे सगळे पाहताना मला सोलापुरात राज्य नाट्य स्पर्धेच्या प्रयोगांना बाबांबरोबर जात असे ते दिवस आठवले. अंधारात वहीवर मी जे लिहिले, त्यातील निम्मे दुसऱ्या दिवशी मला वाचता आले नाही. नाटकातील संवाद मला पाचातला एक कळला असेल. पण प्रेक्षक कुठे हसतात, कुठे हालचाल थांबते आणि नटाच्या कोणत्या विरामात सगळे श्वास रोखतात हे मी टिपले आणि अखेरीस निबंधात त्याचाच जास्त उपयोग झाला. भाषा येत नसली तरी नाटक प्रत्यक्ष पाहावे, आणि त्या वेळी शब्दांच्या मागे लागण्याऐवजी प्रेक्षकांकडे लक्ष ठेवावे, असे मी अनुभवाने सांगते.

१८ एप्रिलला परत आल्यावर मे आणि जून मी एकाच कामाला दिले. १९९७च्या ‘मासुमियेत’ या झेकी देमिरकुबुझ यांच्या चित्रपटात बिल्गिनेर यांनी बेकीर नावाच्या माणसाची भूमिका केली आहे. तो एका स्त्रीच्या मागे आयुष्यभर गावोगाव फिरतो आणि उघड्यावर गवतात बसून यूसुफ या तरुणाला ती सगळी हकिकत सांगतो. ते स्वगत बरेच लांब आहे. त्याचे इंग्रजी भाषांतर करून त्यावर लिहायचे असे मी ठरवले होते आणि चार वेळा केलेले भाषांतर चारही वेळा निर्जीव झाले. शेवटी कंटाळून एका रात्री मी ते आधी मराठीत केले आणि तेव्हा ते उभे राहिले. बेकीर वाक्य अर्ध्यावर आणून थांबतो, सिगारेट ओढतो आणि मग क्रियापद टाकतो. ती गेली की राहिली, त्याने मारले की सोडले, हे त्या शेवटच्या शब्दाशिवाय कळत नाही आणि नट तो शब्द हातात धरून ठेवतो. इंग्रजीत क्रियापद आधीच येऊन गेलेले असते, त्यामुळे तिथे थांबण्यासारखे काही उरत नाही. मराठीत प्रत्येक विराम जिथल्या तिथे बसला. जिथे तो ऐकीव गोष्ट सांगतो, तिथे ‘म्हणे’ आले आणि जिथे स्वतःचे सांगतो, तिथे ते गेले. एका तुर्की विद्यार्थिनीला १२० पौंड देऊन मी प्रत्येक ओळ तपासून घेतली. मार्गदर्शक बाईंना मराठी येत नाही, पण मी दोन्ही भाषांतरे विरामांच्या सेकंदांसह शेजारी-शेजारी मांडून दाखवली तेव्हा त्यांनी मराठी पाठ परिशिष्टात घ्यायला संमती दिली. आपल्याला इंग्रजीच्याच वाटेने जगाकडे जावे लागते असे मी इतकी वर्षे धरून चालले होते. या नटाच्या वाक्यापर्यंत मात्र मी मराठीमुळे पोहोचले, आणि हे लिहिताना मला आजही भरून येते.

‘विंटर स्लीप’मधील प्रवेशांकडेही मग मी नव्याने पाहिले. आयदन टेबलाशी लिहीत बसला आहे आणि त्याच्या पाठीमागे कोचावर पडलेली बहीण त्याचे लिखाण किती पोकळ आहे हे त्याला हळूहळू ऐकवत जाते. तो बराच वेळ वळत नाही. बिल्गिनेर यांची फक्त मान आणि खांदे बोलतात. आठ-नऊ पाने मी या एका प्रवेशावर लिहिली आणि त्यातली दोन शब्दमर्यादेसाठी काढताना फार यातना झाल्या.

जुलै-ऑगस्ट लिहिण्यात गेले, त्याबद्दल विशेष सांगण्यासारखे नाही. पंधरा हजार शब्दांची मर्यादा होती आणि रोज साडेतीनशे शब्द असे मी ठरवले होते. ऑगस्टच्या दुसऱ्या आठवड्यात मला आठ दिवस काहीच सुचत नव्हते आणि रात्री झोप लागत नव्हती. आईने फोनवर सांगितले, की आज फक्त संदर्भसूची नीट लाव, बाकी काही करू नकोस. तिचे ऐकले आणि काम पुन्हा सुरू झाले. ९ सप्टेंबरला मी निबंध सादर केला. बांधणीच्या वेळी छापखान्यातील संगणकावर माझा टंक (फॉन्ट) नसल्याने सर्व तुर्की अक्षरांच्या जागी रिकाम्या चौकटी उमटल्या होत्या. मुदत संपायला चार तास होते. फाईल टंकासह पीडीएफ करून पुन्हा छापून घेतली आणि बांधणीचे १७ पौंडांऐवजी ३४ पौंड झाले. पीडीएफ करताना टंक आत घालण्याचा पर्याय निवडायला विसरू नये. वर्ग, प्रवास, राहणे, भाषांतराची तपासणी आणि बांधणी मिळून माझा एकूण खर्च ६७२ पौंड, म्हणजे साधारण ६०,००० रुपये झाला. खाणे आणि किरकोळ तिकिटे त्यात धरलेली नाहीत.

निबंध दिल्यानंतर दहा दिवसांनी दूरचित्रवाणीसाठीच्या आंतरराष्ट्रीय एमी पुरस्कारांची नामांकने जाहीर झाली. ‘शाहसियेत’ या २०१८च्या तुर्की मालिकेतील आगाह बेयोलू या भूमिकेसाठी बिल्गिनेर यांचे नाव त्यात होते. आगाह हा न्यायालयातून निवृत्त झालेला कारकून, स्मृतिभ्रंशाचे निदान झालेला. मालिकेच्या नावाचा अर्थ व्यक्तिमत्त्व, आपण शख्स म्हणतो त्याच घरातला शब्द. निबंधात मी तिच्यावर फक्त दोन परिच्छेद लिहिले होते आणि आता काही करता येत नव्हते. त्याच यादीत सर्वोत्तम अभिनेत्रीच्या विभागात पुण्याच्या राधिका आपटे यांचे नाव पाहून आईचा फोन आला. मी मात्र दुसरेच नाव घेत होते, म्हणून तिने विचारले, “तुझा तो नट कोण गं, पुन्हा एकदा सांग.” मी तिला नाव दोनदा म्हणून दाखवले आणि तिने ते कागदावर लिहून ठेवले.

१५ नोव्हेंबरला निकाल लागला, निबंध उत्तीर्ण झाला. विभागाच्या ग्रंथालयासाठी मुद्रणदोष काढलेली अंतिम प्रत २९ नोव्हेंबरपर्यंत द्यायची होती. २५ नोव्हेंबरला न्यू यॉर्कमध्ये पुरस्कार जाहीर झाले, तेव्हा लंडनमध्ये मध्यरात्र उलटून गेली होती आणि मी जागी होते. सर्वोत्तम अभिनेत्याचा पुरस्कार हालुक बिल्गिनेर यांना मिळाला होता, तुर्की भाषेत केलेल्या भूमिकेसाठी. भिंतीवरचा तक्ता मी अजून काढला नव्हता. उठून त्यावर २०१९ लिहिले आणि लाल पेन घेतला.

दुसऱ्या दिवशी मार्गदर्शक बाईंना विचारले, की अंतिम प्रतीत एक तळटीप घालता येईल का. त्यांनी एका वाक्याची परवानगी दिली. ते वाक्य मी पाचव्या प्रकरणाच्या शेवटच्या पानाखाली घातले आणि २८ तारखेला छापखान्यात प्रत हाती आल्यावर काउंटरपाशीच ते पान उघडून पाहिले. ‘शाहसियेत’मधल्या पहिल्या अक्षराची शेपटी नीट उमटली होती.